दूरदेशीची कवडी

दिवसा ती कुणाला भेटत नाही. लक्षद्वीप किंवा मालदीवच्या प्रवाळबेटांवर, भरती-ओहोटीच्या पट्ट्यातल्या उथळ पाण्यात, दगडाच्या पोटाखाली नाहीतर मेलेल्या पोवळ्याच्या फटीत ती चिकटून बसलेली असते. ऊन कलतं, दिवसा चरणारे मासे कपारीत शिरतात, पाणी काळं होतं, मग ती हलते. दगडावर आलेलं बारीक शेवाळ खरवडत रात्रभर फिरते आणि उजाडायच्या आत पुन्हा एखादी सांदर गाठते.

रात्री ती वाटेत भेटली तरी ही कवडी आहे हे चटकन ओळखू येणार नाही. आपण ओळखतो ते तिचं पांढुरकं, गुळगुळीत घर. जिवंत कवडी ते घर झाकून ठेवते. तिच्या अंगाचा पातळ मांसल पडदा, शास्त्रज्ञ त्याला प्रावार म्हणतात, दोन्ही बाजूंनी वर चढतो आणि पाठीवर येऊन मिळतो. पदर अंगभर घ्यावा तसा. त्या पडद्यावर बारीक मांसल काटे असतात, रंग आसपासच्या शेवाळाशी मिळताजुळता. बोट लागलं की पडदा झरझर मागे सरतो आणि मग खालून ती चमक बाहेर येते.

कवड्यांच्या दोनशेच्या वर जाती आहेत. त्यांतली ही एक, आकाराने लहान. लांबी साधारण दोन सेंटिमीटर, कधी थोडी कमी, कधी तीनपर्यंत. रंग फिकट पिवळा किंवा हस्तिदंती, पाठीवर दोन-तीन अस्पष्ट राखाडी पट्टे. कडा जाड आणि जागोजागी फुगलेल्या, त्यामुळे वरून पाहिलं तर ती गोल दिसत नाही, कोनाकोनांची दिसते. उलटी केली की मधोमध लांबट चीर आणि चिरेच्या दोन्ही काठांना दात. शास्त्रज्ञ लिनीयसने 1758 साली तिला शास्त्रीय नाव दिलं तेव्हा त्यात मोनेटा, म्हणजे लॅटिनमध्ये नाणं, हा शब्द घातला, कारण तोवर निम्मं जग तिला पैसा म्हणूनच ओळखत होतं. कवड्यांमध्ये तिच्याहून मोठ्या, नक्षीदार, बिबट्यासारख्या ठिपक्यांच्या पुष्कळ जाती आहेत. माणसाने निवडली ती ही साधी, बुटकी, पिवळट कवडी.

का निवडली, ते तिच्या घराच्या बांधणीत आहे.

बाकीच्या बहुतेक समुद्री गोगलगायींच्या शंखावर बाहेरून सालीसारखा एक थर असतो. पाण्यात राहून तो झिजतो, त्यावर शेवाळ चढतं, बार्नेकल बसतात, शंख खडबडीत होत जातो. कवडीच्या घरावर अशी साल नसते. प्रावार ते सतत लपेटून असतो आणि बाहेरच्या अंगाने त्यावर चुन्याचे नवेनवे चकचकीत थर चढवत राहतो. घराला आतून लिंपणारे प्राणी समुद्रात पुष्कळ आहेत. कवडी बाहेरूनही लिंपते, आणि मरेपर्यंत लिंपते. म्हणून तिची पाठ कुणाला पॉलिश करावी लागत नाही.

तिचं बालपण मात्र वेगळं दिसतं. अंड्यातून निघालेलं पिल्लू काही काळ लाटांबरोबर तरंगतं, मग तळाशी उतरतं. तेव्हा त्याचं घर पातळ, पिळाचं, रुंद तोंडाचं असतं. जाणकार नसलेल्या कुणालाही ते दाखवा, तो त्याला कवडी म्हणणार नाही. वयात येताना तोंडाची बाहेरची कड आत वळते, जाड होते, तिला दात फुटतात, पीळ थरांखाली गाडला जातो. त्यानंतर घर लांबीने वाढत नाही. फक्त भिंती जाड होत जातात. आत जागा अपुरी पडली की ती आतल्या जुन्या भिंती विरघळवून स्वतःपुरती सोय करते. हे मला तिच्या साऱ्या स्वभावात सर्वांत विलक्षण वाटतं. बाहेरचा आकार कायम आणि आतली मांडणी जन्मभर बदलती.

पुष्कळ गोगलगायींना शंखाचं तोंड बंद करायला झाकण असतं. हिला ते नाही. अरुंद चीर आणि दातांची ओळ एवढंच तिचं दार. गुळगुळीत पाठीवर खेकड्याच्या नांगीची पकड नीट बसत नाही, ही दुसरी राखण. मादी दगडाखाली अंड्यांच्या पिशव्यांचा पुंजका घालते आणि पिल्लं बाहेर पडेपर्यंत त्यावर पाय पसरून बसून राहते. भरतीचं पाणी येतं-जातं, ती हलत नाही.

कठीण कवच, एकसारखा आकार, न झिजणारी चमक हे सगळं तिने स्वतःच्या जिवासाठी घडवलं. माणसाला पैशात हव्या असलेल्या गोष्टी नेमक्या ह्याच होत्या. कवडी कुजत नाही, गंजत नाही, पडली तर सहसा फुटत नाही. मोजता येते, आणि मोजायला फार झाल्या तर तोलता किंवा मापाने भरता येतात. शिवाय खोटी बनवणं सोपं नाही. राजांनी पाडलेली नाणी जागोजागी नकली निघाली, चांदीत भेसळ झाली. कवडीत भेसळ करणं तितकं सोपं नव्हतं.

मालदीवात ती इतकी होती की तिची खाण म्हणजे तीच बेटं. अकराव्या शतकात विद्वान अल्बिरुनीने त्यांना कवड्यांची बेटं म्हटलं. त्याच्याही आधी, दहाव्या शतकात अरब प्रवासी मसुदीने लिहून ठेवलंय की तिथल्या राणीचा खजिना कवड्यांचा असतो. तो उणा पडला की ती माणसांना नारळाच्या झावळ्या तोडून पाण्यावर टाकायला सांगते. कवड्या झावळ्यांवर चढतात, मग झावळ्या ओढून वाळूत पसरतात, उन्हाने आतला जीव मरतो आणि घरं उरतात. मोरोक्कोचा प्रवासी इब्न बतूता 1343 साली तिथे पोचला आणि पुढे तिथला काझी झाला. त्याने खड्ड्यांचं वर्णन केलं आहे: कवड्या जमिनीत पुरून ठेवायच्या, मांस सडून जाईपर्यंत. 1602 साली मालदीवात जहाज फुटून अडकलेला फ्रेंच खलाशी पिरार द लाव्हाल याने पुढची काही वर्षं तिथे काढली. त्याने पाहिलं की कवड्या वेचायचं काम मुख्यतः बायकांचं. अमावास्या-पौर्णिमेच्या आगेमागे, ओहोटी खूप खोल जाते त्या दिवसांत, कमरेइतक्या पाण्यात उभ्या राहून त्या वेचत.

यात एक बारीक गोष्ट आहे आणि ती सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. लाटांनी किनाऱ्यावर आणून टाकलेल्या कवड्या व्यापाऱ्यांना नको असत. मेलेली कवडी वाळूत घासली जाते, उन्हात मळकट होते. चमक हवी तर जिवंतच पकडावी लागते. म्हणजे व्यापारात गेलेली जवळजवळ प्रत्येक कवडी जिवंत असताना पाण्यातून काढलेली आहे.

मालदीवात भात होत नाही. बंगालात होतो, आणि बंगालात बाजारासाठी सुटे पैसे हवे होते. तांदूळ खाली, कवड्या वर, असा शतकानुशतकांचा फेरा सुरू झाला. परतीच्या वाटेवर जहाज स्थिर राहावं म्हणून तळात जे वजन भरावं लागतं, ते वाळूचं न भरता कवड्यांचंच भरत. पिरारने एका वर्षात तीस-चाळीस जहाजं निव्वळ कवड्यांनी भरून बंगालकडे जाताना पाहिली. बारा हजारांच्या गाठी नारळाच्या पानांत बांधलेल्या असत.

इब्न बतूताने भाव दिला आहे. मालदीवात एका सोन्याच्या दिनाराला चार लाख कवड्या, कधी दहा-बारा लाखही. पुढे 1352-53 मध्ये तो सहारा ओलांडून माली साम्राज्यात गेला, तिथे नायजर नदीकाठच्या बाजारात त्याला त्याच कवड्या दिसल्या. तिथला भाव एका दिनाराला 1,150. साडेतीनशे पटीचा फरक! मधे फक्त समुद्र, उंटांचे काफिले आणि वाळवंट होतं. कवडीत काही बदललं नव्हतं. तिचं मोल तिच्यात कधीच नव्हतं, ते तिच्या घरापासूनच्या अंतरात होतं. घराजवळ ती तांदळापुरती, आणि जितकी दूर नेली तितकी महाग.

आपल्याकडेही ती अशीच दुरून आली. कोकणच्या खडकांत कवड्यांच्या इतर जाती मिळतात, पण बाजारात आणि देवळात रुळलेली ही पिवळट कवडी प्रवाळबेटांची. 1150 साली भास्कराचार्यांनी लीलावती लिहिली. सह्याद्रीच्या कुशीतला हा गणिती; चाळीसगावजवळच्या पाटणला त्यांच्या नातवाचा शिलालेख आहे. मुंबईचा समुद्र तिथून कित्येक कोस दूर. पण पोथीच्या सुरुवातीला नाण्यांचं कोष्टक येतं आणि त्याची पहिली पायरी कवडी आहे: वीस कवड्यांची एक काकिणी, चार काकिणींचा एक पण, सोळा पणांचा एक द्रम्म. म्हणजे द्रम्म फोडला तर 1,280 कवड्या. खानदेशातल्या मुलाने पैशाचं गणित शिकायला बसावं आणि पहिला आकडा मालदीवच्या ओहोटीतून यावा, हे मला फार भारी वाटतं. बंगालातही हिशेब जवळजवळ हाच होता. चार कवड्यांचा गंडा, वीस गंड्यांचा पण, सोळा पणांचा कहान, म्हणजे पुन्हा 1,280.

रॉबर्ट लिंडसे हा ईस्ट इंडिया कंपनीचा अधिकारी 1778 साली बंगालातल्या सिल्हेटला कलेक्टर म्हणून गेला. तिथे चांदी-तांब्याची नाणी जवळजवळ नव्हतीच. वर्षाचा अडीच लाख रुपये महसूल रयत कवड्यांत भरत होती, आणि एका रुपयाला भाव सुमारे 5,120. हिशेब केला तर 128 कोटी कवड्या होतात. त्या ठेवायला मोठी गोदामं लागत आणि होड्यांचा ताफा भरून त्या ढाक्याला न्याव्या लागत. पुढे कंपनीला चांदीच हवी झाली. ओडिशात 1803 नंतर कंपनीचं राज्य आलं, सारा चांदीत मागितला जाऊ लागला, कवडीचा भाव पडला आणि ज्यांच्या घरात फक्त कवड्या होत्या त्यांच्या जमिनी गेल्या. 1817 साली खुर्द्यात बक्षी जगबंधूंच्या नेतृत्वाखाली पाइक सैनिकांनी उठाव केला, त्याच्या कारणांत हे एक ठळक कारण होतं. सरकारने एका सकाळी पैसा बदलला की सर्वांत आधी कुणाचं घर बुडतं, याचा हा जुना दाखला.

चीनमध्ये तर ती लीलावतीच्याही दोन-अडीच हजार वर्षं आधी पोचली होती. अन्यांगला 1976 साली सापडलेल्या फू हाओ राणीच्या थडग्यात साडेसहा हजारांहून अधिक कवड्या निघाल्या.

पण तिच्या चरित्रातला सर्वांत काळा भाग अटलांटिकचा आहे.

पश्चिम आफ्रिकेत कवडीचा पैसा वाळवंटाच्या वाटेने आधीच पोचला होता. पोर्तुगीजांनी सोळाव्या शतकात समुद्राची वाट उघडली आणि त्यांच्यामागून डच आणि इंग्रज आले. त्यांना गिनीच्या किनाऱ्यावर माणसं विकत घ्यायची होती, आणि तिथल्या विकणाऱ्यांना कवड्या हव्या होत्या. मालदीवातून बंगालला किंवा सिलोनला, तिथून आफ्रिकेचं टोक वळसा घालून ॲमस्टरडॅमला आणि लंडनला, तिथे लिलाव, आणि मग पुन्हा खाली आफ्रिकेच्या किनाऱ्यावर. जाताना आफ्रिकेला वळसा घालून पुढे गेलेली कवडी युरोपातल्या वखारीत हात बदलून परत तिथेच येत होती. फक्त अठराव्या शतकात डच आणि इंग्रजांनी पश्चिम आफ्रिकेत नेलेल्या कवड्यांचा इतिहासकारांचा अंदाज सुमारे एक हजार कोटींचा आहे. कापड, बंदुका, दारू, तंबाखू यांच्यासोबत त्या जहाजात भरल्या जात. आजच्या बेनिनमधल्या उईदा बंदरावर त्या उतरत आणि बंदरातून माणसं चढत.

त्या शतकाच्या उत्तरार्धात एका धडधाकट माणसासाठी लाखाहून अधिक कवड्या मोजल्या जात. एक कवडी एक-सव्वा ग्रॅमची. लाख कवड्यांचं वजन शंभर किलोच्या पुढे जातं. ज्याची किंमत म्हणून त्या मोजल्या जात, त्या माणसाच्या वजनापेक्षा जास्त. हे गणित मांडताना हात थांबतो. मालदीवातल्या बाईने कमरेइतक्या पाण्यात वेचलेली कवडी तांदळासाठी होती. ती कुठे जाणार हे तिला कधीच कळलं नाही.

त्या किनाऱ्यावरच्या लोकांमध्ये एक कथा पिढ्यान् पिढ्या सांगितली गेली. कवड्या समुद्रात माणसांच्या प्रेतांवर वाढतात, असं ती कथा म्हणते. गुलामांना मारून पाण्यात टाकायचं, कवड्या त्यांना चिकटल्या की प्रेत बाहेर ओढायचं. मालदीवात झावळ्यांवर कवड्या चढवायच्या रीतीचं हे भेसूर रूप. ज्यांनी ती सांगितली त्यांनी कवडीचा जिवंत प्राणी पाहिलेला नव्हता, त्यांच्या किनाऱ्यावर तो राहतच नाही. पण त्यांनी आपली माणसं जाताना पाहिली होती आणि बदल्यात आलेल्या कवड्या हातात घेतल्या होत्या. त्या पैशाने माणूस खाल्ला, ही त्यांची समज पुरती खरी होती. खोटं होतं ते एवढंच, की कवडी माणूस खाते. ती शेवाळ खाते. अंड्यांवर बसते. तिच्या नावावर लिहिलेल्या पापातला एकही अंश तिचा नाही, आणि ही गोष्ट तिच्या बाजूने कुणीतरी मोठ्याने सांगायला हवी असं मला वाटत आलं आहे.

इंग्रजांनी 1807 साली गुलामांचा व्यापार कायद्याने बंद केला. कवड्या मात्र थांबल्या नाहीत. आता त्या पामतेलाच्या बदल्यात जाऊ लागल्या. 1840च्या दशकापासून हँबुर्गच्या व्यापाऱ्यांनी झांजीबारहून दुसरीच एक कवडी आणली, पाठीवर नारिंगी-सोनेरी कडं असलेली, थोडी मोठी आणि कितीतरी स्वस्त. ती जहाजं भरभरून ओतली गेली. भाव कोसळले, लोकांनी मडक्यांत साठवून ठेवलेली आयुष्यभराची पुंजी हलकी झाली. पुढे वसाहतींच्या सरकारांनी कवड्यांत कर घेणं बंद केलं आणि पैसा म्हणून तिचं आयुष्य संपलं.

आपल्याकडे ते आधीच संपलं होतं. पण बाजारातून ती उठली आणि घरात, देवळात, गोठ्यात येऊन बसली. पोळ्याला बैलाच्या गळ्यात घुंगरांबरोबर ती असते. बंजारा बायकांच्या कशिद्यात ती टाचलेली असते. तान्ह्या मुलाला दृष्ट लागू नये म्हणून काळ्या दोऱ्यात एक कवडी ओवतात. लक्ष्मीपूजनाच्या ताटात ती असते. सारीपाटाला फासे नसले की कवड्याच टाकायच्या. किती उताण्या पडल्या आणि किती पालथ्या, यावरून दान. उताणी पडली की तिचे दात वर येतात, आणि पडेल त्या दानावर पोरं भांडतात.

सर्वांत मोठा मान तिला तुळजापुरात आहे. महाद्वाराकडे जाणाऱ्या रस्त्यावर हळदी-कुंकू, परडी, पोत यांच्या शेजारी कवड्यांच्या माळा टांगलेल्या असतात. आराध्याच्या गळ्यात ती माळ, भुत्याच्या झग्यावर त्याच कवड्या, परडीच्या काठाला त्याच. शिवाजी महाराजांची चित्रं काढणाऱ्यांनी भवानीच्या भक्तीची खूण म्हणून महाराजांच्या गळ्यात हीच माळ घातली. मंगळवारी, शुक्रवारी परडी घेऊन जोगवा मागायला निघालेल्या बाईला कुणी हिचा भाव विचारत नाही. माळ घालणं म्हणजे देवीची होणं. ती घातलेल्या माणसाला रीत पाळावी लागते, उपास धरावे लागतात. सर्वत्र मोजली गेलेली ही कवडी इथे मोजायची नसते, घालायची असते. तिच्या साऱ्या प्रवासात मला आवडलेला मुक्काम हा.

माळेसाठी कवडीची पाठ फोडून किंवा घासून भोक पाडतात. जन्मभर लिंपलेली ती चमकदार पाठ जाते आणि दातांची बाजू लोकांसमोर येते. म्हणून माळेत आपल्याला कवडी नेहमी उताणी दिसते.

आजकाल समुद्रकिनाऱ्यांवरच्या दुकानांत, प्रदर्शनांत, ऑनलाइनही कवड्या पोत्यांनी मिळतात. घेण्याआधी पाठीवर बोट फिरवून पाहा. गुळगुळीत, काचेसारखी लागली तर ती पाण्यातून जिवंत काढलेली आहे, कारण वाळूत पडलेली अशी राहत नाही. प्रवाळबेटांवर गेलात आणि ओहोटीला एखादा दगड उचलून पाहिलात, तर तो पुन्हा त्याच बाजूने ठेवा. खालच्या अंगाला अंडी असू शकतात आणि त्यांच्यावर ती बसलेली असू शकते. आणि घरात सासूकडून, आजीकडून आलेली माळ असेल, तिचा दोरा जीर्ण झाला असेल, तर नवी विकत घेऊ नका. दोरा बदला. कवड्या त्याच राहू द्या, त्यांना अजून बरीच वर्षं काही होत नाही.